गाडीचे बाशिंग

लग्नाची फार घाई झालेल्या माणसाने गुडघ्याला बाशिंग बांधले आहे, असे आपण म्हणतो. कपाळाची वस्तू गुडघ्यावर आली की तिची थट्टा होते. पण हीच वस्तू मोटारीच्या तोंडावर चढली तेव्हा मात्र कुणी हसले नाही. लग्नसराईत बेळगावच्या कोणत्याही मंगल कार्यालयाबाहेर उभे राहून पाहावे. फाटकापाशी धुऊन-पुसून चकचकीत केलेली एक मोटार उभी असते. बॉनेटच्या टोकाशी रिबिनीचे मोठे फूल आणि तिथून दोन्ही बाजूंना काचेपर्यंत ताणत नेलेले दोन पट्टे. आजची मुले त्याला ‘व्ही’ म्हणतात. माझी आजी बाशिंग म्हणत असे. पुष्कळ वर्षे मला तो तिचा अडाणीपणा वाटत आला. आता वाटते, या विषयातली आमच्या घरातली खरी जाणकार तीच होती.

मी काही इतिहासाचा अभ्यासक नव्हे. माझा या विषयाशी संबंध आला तो दुकानाच्या फळीवरून. शहापुरात माझ्या मामाचे कटलरीचे दुकान होते. सुया, बटणे, बांगड्या, गंगावने, पावडरीचे डबे, आणि मागच्या काचेच्या कपाटात रिबिनींची रिळे. आजोळीच वाढल्यामुळे शाळेच्या सुट्टीत मला गल्ल्यापाशी बसवीत. रिबीन वारावर विकली जाई. देशात मेट्रिक मापांचा कायदा झाला १९५६ साली. पण आमच्या फळीवर वाराच्या खुणेचे दोन पितळी खिळे ठोकलेले होते, ते मामा असेपर्यंत निघाले नाहीत. गिऱ्हाईक मीटर मागे, मामा वार मोजी आणि वर चार बोटे सोडी. त्या चार बोटांत नव्या-जुन्याचा समेट होऊन जाई.

मोटार सजवणे हा मामाचा धंदा नव्हे, हौस. लग्नघरचा माणूस रिबीन घ्यायला आला की मामा विचारी, ‘गाडी कुठली?’ आणि मग कात्री, मेणबत्ती, काडेपेटी पिशवीत टाकून स्वतःच निघे. मी मागे रिळे घेऊन. पैसे रिबिनीचेच, बांधणावळ म्हणून लग्नघरी चहा आणि दोन लाडू. त्यातला एक माझा.

पण मोटारीच्या आधी काय होते, तिथूनच सुरुवात करायला हवी.

आजी लग्न होऊन शहापुरात आली ती १९२२ साली, चंदगड भागातून, बैलगाडीने. चंदगड तेव्हा बेळगाव जिल्ह्यात, म्हणजे इंग्रजी मुलखात. आणि शहापूर बेळगावला खेटून असले तरी सांगलीच्या पटवर्धनांच्या संस्थानात. दोन पेठांमधून माणूस बोलता बोलता चालत जाई आणि राज्य बदलत असे. मार्च १९४८ मध्ये दक्षिणेतली संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली तेव्हा कुठे शहापूर आणि बेळगाव एका सरकारखाली आले. म्हणजे आजीने वधूवेषात एक सरहद्द ओलांडली होती, आणि तिला त्याचा पत्ताही नव्हता. तिला आठवत होते ते बैल. पांढरीशुभ्र खिलारी जोडी, अंगावर आरशांची झूल, शिंगांना हिंगूळ आणि बेगड, शिंगांच्या टोकांना पितळी शेंब्या, गळ्यात घुंगुरमाळा, आणि कपाळावर बाशिंग. ‘नवऱ्याचं बाशिंग धड दिसलं न्हाई मला, मान खाली. बैलांचं तेवढं दिसलं,’ असे ती सांगे.

बैलाला बाशिंग बांधणे ही काही लग्नापुरती गोष्ट नव्हे. बेंदराला ते बांधतातच. आमच्या सीमेवरच्या गावांत बेंदूरही दोन: ज्येष्ठात कर्नाटकी, म्हणजे कारहुणवी, आणि आषाढात महाराष्ट्रीय. बैल तोच, शिंगेही तीच, बाशिंग मात्र दोनदा. हा शब्दही एकट्या मराठीचा नाही. कानडीतही बासिंगच म्हणतात. कुणी कुणाचा उचलला यावर वाद घालणारे घालोत. कपाळ आडवे बांधायचे आणि दोन्ही कानशिलांवरून दोन सर खाली सोडायचे, ही या भागातली मंगलाची खूण आहे. माणसाला मुंडावळ्या, दाराला तोरण, बैलाला बाशिंग. जे काही आज उंबरा किंवा वेस ओलांडणार आहे, त्याचे कपाळ मोकळे सोडायचे नाही.

वेस म्हणताना एक गोष्ट सांगून टाकतो. लग्नाच्या आदल्या संध्याकाळी कार्यालयात वराची पूजा होते, तिला बरीच मंडळी ‘श्रीमंतपूजन’ म्हणतात. जावई श्रीमंत असो की नसो, मूळ शब्द सीमांतपूजन. वऱ्हाड गावच्या शिवेवर आले की वधूपक्षाने तिथवर सामोरे जायचे आणि नवरदेवाला मानाने आत आणायचे. आता शीव राहिली नाही, कार्यालयाच्या पायऱ्या राहिल्या. पण ज्या जिल्ह्यात शीवच दर पिढीला बदलली, तिथे या शब्दाचा अपभ्रंश व्हावा याची मला गंमत वाटते.

आता रिबिनीकडे येऊ. या वस्तूला मराठीत दोन नावे आहेत आणि दोन्ही परकी. ‘रिबीन’ इंग्रजांची. ‘फीत’ पोर्तुगीजांची, त्यांच्या ‘फिता’वरून आलेली, जशी चावी आली, बिजागरी आली, पगार आला. बेळगावच्या माणसाला या दोन शब्दांसाठी शब्दकोश उघडावा लागत नाही. एक शब्द कॅम्पातून चालत आला, दुसरा घाट चढून गोव्यातून. वस्तूही याच दोन दारांनी आली.

कॅम्पाची कहाणी लांब आहे. १८१८ साली इंग्रजांनी बेळगावचा किल्ला घेतला आणि मागोमाग छावणी वसली. छावणीबरोबर चर्च आले, चर्चबरोबर लग्ने आली. त्या लग्नांची पांढऱ्या रंगाची रीत विलायतेतही फार प्राचीन नव्हे. राणी व्हिक्टोरियाने १० फेब्रुवारी १८४० रोजी लग्नात पांढरे सॅटिन नेसले आणि पुढे पांढरा झगा म्हणजेच नवरी असे समीकरण होऊन बसले. त्या काळच्या इंग्रजी लग्नात पाहुणे छातीवर पांढऱ्या रिबिनीचे फूल लावीत, बग्गी हाकणाऱ्याच्या अंगावर तेच. बग्गी गेली, मोटार आली आणि रिबीन बॉनेटवर चढली. या रिबिनींवर अख्खी गावे जगत. कॉव्हेंट्री हे रिबिनी विणणाऱ्यांचे गाव होते. १८६० साली इंग्लंडने फ्रान्सशी व्यापाराचा करार केला, फ्रेंच रिबिनी जकातीशिवाय येऊ लागल्या आणि कॉव्हेंट्रीचे माग बसले. विणकर देशोधडीला लागले. शहापूर-वडगावच्या मागवाल्यांना ही कथा ओळखीची वाटेल. मँचेस्टरच्या कापडाने आपले माग बसवले हे आपण शाळेत शिकतो. त्यांचेही कुणीतरी बसवले होते, हे शिकवीत नाहीत.

गोव्याचे दार वेगळे. १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला आणि मधली नाकेबंदीची वर्षे संपून बेळगावची वाट पुन्हा मोकळी झाली. मामा मालासाठी म्हापशाला जाऊ लागला. तिथे चर्चच्या पायऱ्यांसमोर उभी असलेली काळी परदेशी मोटार त्याने पाहिली. बॉनेटवर पांढऱ्या रिबिनीचे दोन पट्टे, दाराच्या मुठींना पांढरी फुले. परत आला तो दोन इंच रुंदीच्या पांढऱ्या सॅटिनची रिळे घेऊनच. त्या मोटारीचे वर्णन तो इतक्या वेळा करी की ती मीच पाहिली आहे असे मला वाटू लागले होते.

मोटार स्वतः आपल्याकडे आली ती राजेरजवाड्यांची म्हणून. कोल्हापूरच्या दसऱ्याला छत्रपती ज्या मेबॅक गाडीतून येतात ती राजाराम महाराजांच्या काळातली. पाहायला आजही गर्दी होते. म्हणजे मोटार हे मिरवणुकीचे वाहन आहे, ही समजूत आमच्या भागात आधीपासून रुजलेली. सामान्य माणसाच्या लग्नात ती यायला मात्र वेळ लागला. महायुद्धात पेट्रोल मिळेना तेव्हा कोळशाच्या गॅसवर गाड्या चालत. त्या धुरकट गाडीत नवरी कोण बसवणार? स्वातंत्र्यानंतर वालचंद हिराचंदांच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून फियाट आणि उत्तरपाड्याहून अँबॅसडर निघू लागल्या. पण नंबर लावला की वर्षानुवर्षे वाट पाहावी लागे. गावात मोटारी हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. एखादे डॉक्टर, वकील, गिरणीवाले. वऱ्हाड ट्रकने किंवा ‘प्रासंगिक करार’ अशी पाटी लावलेल्या एस.टी.ने जाई आणि नवरा-नवरीसाठी मोटार मागून आणावी लागे. मागून आणलेली वस्तू एका दिवसापुरती आपली करायची, तर तिच्यावर आपली काही खूण हवी. मला वाटते, रिबीन इतक्या झपाट्याने पसरली त्याचे हे एक कारण असावे. दागिना मागून आणता येतो तसा तो लपवताही येतो. मोटारीचा मालक मात्र सगळ्या गावाला ठाऊक असतो.

अँबॅसडर सजवायला मामाला फार आवडे. तिचे बॉनेट गोल, पुढे आलेले. खरेच एखाद्या पोसलेल्या बैलाचे कपाळ. फियाटचे तोंड जरा बसके. पुढे १९८३ च्या डिसेंबरात मारुती आली तेव्हा मामा तिच्याभोवती एक फेरी मारून म्हणाला, ‘हिला कपाळच नाही की रे, बांधू कुठं?’ त्याची पद्धत अशी. आधी बॉनेट उघडायचे. रिबिनीचा मध्य काढून आतल्या कुलपाच्या पट्टीला गाठ मारायची आणि बॉनेट बंद करायचे; मग गाठ दिसत नाही आणि सुटतही नाही. दोन्ही पदर ताणून पुढच्या दारांच्या बिजागऱ्यांकडे न्यायचे आणि दार मिटले की ते आपोआप चिमटीत धरले जातात. चिकटपट्टी लावायची नाही, उन्हाने तापली की रंग घेऊन निघते आणि मालकाशी भांडण होते. पट्टा सपाट ठेवायचा नाही, त्याला एक पीळ द्यायचा. सपाट रिबीन वाऱ्यावर घुमते, फडफडते आणि दहा मैलांत काठ उसवते. पिळाची गप्प राहते. टोके माशाच्या शेपटीसारखी कापायची आणि मेणबत्तीच्या ज्योतीवरून झरकन फिरवायची, म्हणजे धागे वितळून बंद होतात. आणि सगळ्यात महत्त्वाचे, पुढच्या जाळीवर फुलांची चादर घालायची नाही. ‘नाकात बोळे घालून बैल घाट चढंल काय?’ मामा विचारी. रेडिएटरला वारा मिळाला नाही की अँबॅसडर घाटात उकळायला लागे. वाटेत बॉनेट उघडून, सुतळीने हार सोडवत बसलेली वऱ्हाडे मी पाहिली आहेत.

माझ्या थोरल्या बहिणीचे, ताईचे लग्न मे १९७४ मध्ये झाले. सासर चंदगड तालुक्यात, आजीच्या माहेराच्याच अंगाला. आता इथे पुन्हा सरहद्द आली. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा चंदगड तालुका वगळून बाकीचा बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात गेला. चंदगड मुंबई राज्यात राहून कोल्हापूर जिल्ह्याला जोडला गेला. १९७३ साली त्याच तारखेला म्हैसूरचे नाव कर्नाटक झाले. त्यामुळे ताईच्या लग्नपत्रिकेत मुलीचा पत्ता कर्नाटक आणि मुलाचा महाराष्ट्र. आजीने पत्रिका वाचून घेतली आणि म्हणाली, ‘म्हंजे माझं माहेर परमुलकात गेलं?’ पन्नास वर्षांपूर्वी ती आली त्याच वाटेने आता नात उलटी जाणार होती. अंतर तेच, वाटही जवळपास तीच.

एका ओळखीच्या वकिलांची पांढरी अँबॅसडर मिळाली होती. मामाने भाचीसाठी म्हापशाची ती खास पांढरी सॅटिन काढली. सकाळपासून खपून त्याने गाडी अशी सजवली की कॅम्पातलीही कुणी नावे ठेवू नयेत. दुपारी अक्षता पडल्या. जेवणे आटोपून पाठवणीची वेळ झाली तेव्हा आजी काठी टेकत बाहेर आली, गाडीसमोर उभी राहिली आणि सगळ्यांच्या देखत म्हणाली, ‘पांढऱ्या कपाळानं धाडणार काय गा पोरीला? सोड ते आदी.’

मामाने गोव्याचे सांगून पाहिले, फॅशनचे सांगून पाहिले. आजीने ऐकले नाही. तिच्या दृष्टीने बॉनेटवर बांधलेली ती वस्तू बाशिंग होती, आणि बाशिंग पांढऱ्या फडक्याचे कधी असते काय? त्या वेळी मला मामाची फार कीव आली. आज वाटते, वाद रंगाचा नव्हताच. एकाने ती वस्तू रिबीन म्हणून आणली होती आणि दुसरीने ती बाशिंग म्हणून वाचली होती. पुढे गोवा-बेळगाव-कोल्हापूर पट्ट्यात हिंदू लग्नांच्या गाड्यांवर मी लाल पाहिली, गुलाबी पाहिली, सोनेरी जरीची पाहिली. निव्वळ पांढरी क्वचितच. आजीसारख्या म्हाताऱ्या घरोघर उभ्या राहिल्या असणार.

मला दुकानात पिटाळले. लाल रुंद सॅटिन लग्नसराईत संपलेली. कपाटात अर्ध्या इंचाच्या लाल रिबिनींचे गठ्ठे होते, जूनमध्ये शाळा सुरू झाल्या की मुलींच्या वेण्यांसाठी लागणाऱ्या. मामाला त्या गाडीवर दरिद्री दिसतील असे वाटले. त्याने लाल क्रेप कागदाच्या गुंडाळ्या मागवल्या, पट्टे कापले, चुण्या घातल्या, आणि अर्ध्या तासात गाडीला असे भरघोस लाल बाशिंग चढवले की आजीने स्वतः पुढे होऊन बॉनेटला हळदकुंकू लावले, ओवाळले, चाकाखाली लिंबू ठेवले आणि मगच ताईला बसू दिले.

मी बारा वर्षांचा, ड्रायव्हरशेजारी. मागे नवरा-नवरी, पाठराखीण म्हणून आईची मावशी आणि तिच्या मांडीवर करवली, म्हणजे मामाची आठ वर्षांची मुलगी. हिंडलगा मागे टाकला आणि वळीव कोसळला. बेळगावचा वळीव ज्याने पाहिला आहे त्याला वर्णन नको. क्रेप कागदाचा रंग पाण्यात किती टिकतो हे कटलरीवाल्याला कळायला हवे होते. पण त्या दिवशी तो मामा होता. दोन मिनिटांत पांढऱ्या बॉनेटवरून लाल ओघळ वाहू लागले. वायपरने ते काचेवर घेतले. काच गुलाबी झाली, ड्रायव्हर कानडीत काहीतरी पुटपुटला आणि मागे कुणी बोलेना.

बाची सोडून शिनोळीत शिरलो तेव्हा पाऊस थांबला. तिथे राज्य बदलते. ड्रायव्हरने गाडी बाजूला घेतली. सगळे उतरले. कागदाचा लगदा झाला होता, तो हातांनी निपटून काढला. बॉनेट मोकळे झाले. त्याच्यावर गुलाबी फराटे, आणि बाकी काही नाही. सासरचा ट्रक मागून येतच होता. त्या बायकांनी ही गाडी अशी पाहिली तर काय म्हणतील, हे मला बाराव्या वर्षीही कळत होते. ताई उतरलीच नव्हती. तिने काचेतून नुसते एकदा पाहिले आणि मान खाली घातली.

मावशीने करवलीला पुढ्यात ओढले. तिच्या दोन वेण्यांना दुकानातल्याच अर्ध्या इंची लाल रिबिनी होत्या. मावशीने त्या सोडल्या. पोर रडायला लागली, तिकडे कुणी लक्ष दिले नाही. मी बॉनेट उघडले, मामाने शिकवली होती तशी आतल्या पट्टीला दोन्ही रिबिनींची एकत्र गाठ मारली. बिजागरीपर्यंत त्या पुरेनात. मग दोन्ही टोके दोन वायपरांच्या बुंध्याला बांधली, तीसुद्धा जेमतेम. दोन बारीक लाल रेघा. त्या बाशिंगावर ताई सासरच्या वेशीत शिरली.

वकिलांच्या गाडीचे फराटे काही निघाले नाहीत. त्यांनी गाडी रंगवून मागितली, मामाने ते पैसे दोन हप्त्यांत दिले. रंगवीपर्यंत महिनाभर ती गाडी गावात गुलाबी कपाळाने हिंडत होती आणि लोक मामाला हाक मारून दाखवीत. क्रेप कागद मात्र त्याने पुन्हा कधी गाडीला लावला नाही.

१९९१ साली ताईचे यजमान गेले. चाळिशीच्या आतच होती ती. तेव्हा सासरच्या एका बाईंनी सतरा वर्षांपूर्वीच्या त्या पावसाची आठवण काढली. गाडीचे कपाळ पुसले गेले होते, असे काहीसे. ताईने हे मला पुष्कळ नंतर सांगितले, तेही सहज, भाजी निवडता निवडता.

तिच्या मुलीचे लग्न १९९८ साली झाले; मुलगा बेळगावचा. म्हणजे मुलगी पुन्हा सरहद्द ओलांडून इकडे. गाड्यांचे नंबर एव्हाना बदलले होते. १९८९ च्या नव्या मोटार नियमांनंतर बेळगावची गाडी केए २२ आणि कोल्हापूरची एमएच ०९, त्यामुळे दुरूनच गाडीचे राज्य कळे. पण लग्नाच्या गाडीवर वर-वधूच्या नावांची थर्माकोलची पाटी नेमकी नंबरावरच बसवतात. नंबर झाकणे नियमात बसत नाही. तरी त्या दिवशी फार कुणी अडवत नाही. एवढ्या वाटेपुरती ती गाडी कुठल्याच राज्याची नसते.

मामा थकला होता, तरी कात्री घेऊन आला होता. या खेपेस रुंद लाल सॅटिन, पीळ घातलेली. पाठवणीच्या वेळी त्याने रिबिनीचे शेवटचे टोक हातात धरले आणि सोप्याच्या दाराआड उभ्या असलेल्या ताईला हाक मारली. ‘एवढी गाठ तू मार गं.’ ताईने मान हलवली आणि आत गेली. गाठ तिच्या जावेने मारली, ओवाळणेही तिनेच केले. मी तिथेच होतो, हातात रीळ धरून. काही बोललो नाही. मामा २००४ साली गेला. मला त्याच्याविषयी दुसरे काही आठवण्याआधी त्याचा तो पुढे केलेला हात आठवतो.

मोटारींचे म्हणाल तर अँबॅसडर २०१४ साली निघायची बंद झाली. फियाटची पद्मिनी त्याआधीच. लग्नगाडी सजवणे हा आता स्वतंत्र व्यवसाय आहे. जरबेरा, जाळीचे कापड, स्पंजवर खोचलेली फुले, काचेला चिकटणाऱ्या रबरी वाट्या. मोबाईलवर नमुने दाखवतात, आपण बोट ठेवायचे. त्यात वाईट काही नाही. फक्त त्या नमुन्यांतही बॉनेटच्या टोकाशी फूल आणि दोन बाजूंना दोन पट्टे हे काही सुटलेले नाही.

मे २०२२ मध्ये शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड गावच्या ग्रामसभेने ठराव केला, की नवरा गेला म्हणून बाईचे कुंकू पुसायचे नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत, जोडवी काढायची नाहीत. सरकारनेही मग इतर गावांनी तसे करावे म्हणून परिपत्रक काढले. हेरवाड आमच्याच कोल्हापूर जिल्ह्यातले, कर्नाटकाच्या सीमेलगतचे. ताईने ती बातमी कापून ठेवली होती. त्यावर काही बोलली नाही.

तिच्या नातीचे लग्न गेल्या काही वर्षांतलेच, २०२३ चे. नवरा मुलगा म्हापशाकडचा. कार्यालयाबाहेर मोठी पांढरी गाडी, आणि सजवणाऱ्या पोराने तिच्यावर बांधली होती पांढरीशुभ्र रिबीन, कारण मुलाकडच्यांनी तसे कळवले होते. मी मनात म्हटले, मामा असता तर. पाठवणीला सगळे बाहेर आले. ताई, एकोणसत्तर वर्षांची, पायऱ्या उतरली, कुणी हाक मारायची वाट न पाहता गाडीसमोर गेली आणि कमरेच्या पिशवीतून लाल रिबीन काढली. अर्ध्या इंचाची, शाळेची.

‘आजी, पुढं सेन्सर आहेत, खाली लोंबू देऊ नका,’ पोरगा म्हणाला.

‘लोंबणार न्हाई. बॉनेट उघड,’ ताई म्हणाली.

आतल्या पट्टीला गाठ कशी मारायची ते मला तिला दाखवावे लागले. ती वाकून गाठ मारत होती तेवढ्यात मागून मामाची मुलगी पुढे आली, आता सत्तावन्न वर्षांची, आणि रिबीन बोटांत धरून पाहत म्हणाली, ‘माझ्या दोन द्यायच्या राहिल्यात अजून.’